जोसेफ विर्शिंग : मालाडचा जर्मन कॅमेरामन

सिनेमा पाहिला की हिरो-हिरॉईन लक्षात राहतात, गाणी तोंडात बसतात. पण ज्याच्या कॅमेऱ्यातून ते सगळं आपल्यापर्यंत आलं, त्याचं नाव पडद्यावर येतं अन् लगेच निघून जातं. आज अशाच एका माणसाची ओळख करून घेऊ.

जोसेफ विर्शिंग यांचा जन्म १९०३ साली जर्मनीतील म्युनिक शहरात झाला. हिमांशू राय आणि जर्मन दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन यांनी गौतम बुद्धांच्या जीवनावर 'लाईट ऑफ एशिया' (१९२५) हा मूकपट काढला, तेव्हा ते कॅमेरामन म्हणून पहिल्यांदा भारतात आले. पुढे १९३४ मध्ये हिमांशू राय आणि देविका राणी यांनी मुंबईजवळ मालाडला 'बॉम्बे टॉकीज' सुरू केली. कॅमेरा सांभाळायला विर्शिंग यांनाच बोलावलं. अस्पृश्यतेवरचा 'अछूत कन्या' (१९३६) त्यांनीच चित्रित केला. त्यातला हिरो अशोककुमार आधी याच कंपनीच्या प्रयोगशाळेत कामाला होता बरं का!

तेव्हा सिनेमा कृष्णधवल. रंग नाहीत, म्हणजे सगळी कमाल उजेड आणि सावलीची. आपल्या गडचिरोलीकडच्या मुलांना हे पटकन समजेल. रात्री लाईट गेली की चुलीच्या उजेडात आजीचा अर्धाच चेहरा दिसतो, अर्धा अंधारात. रोजचीच आजी, पण जरा वेगळी वाटते ना? कुठे दिवा ठेवायचा, त्याहीपेक्षा कुठे ठेवायचा नाही, हे ठरवणं म्हणजेच विर्शिंग यांचं काम.

१९३९ ला दुसरं महायुद्ध पेटलं. जर्मन माणूस म्हणजे इंग्रज सरकारचा शत्रू! सेटवरच्या या कारागिराला छावणीत कैद करून ठेवलं. ऐन उमेदीची वर्षं तिथंच गेली. सुटल्यावर मात्र ते मुंबईतच राहिले आणि पुन्हा कॅमेऱ्यामागे उभे राहिले. 'महल' (१९४९) मधली ती काळोखी हवेली आणि तिच्यात वावरणारी मधुबाला त्यांनीच टिपली. माझ्या मते त्यांचं सर्वांत देखणं काम हेच.

कमाल अमरोही यांचा 'पाकीज़ा' मात्र वर्षानुवर्षं रखडला. आधी कृष्णधवल, मग रंगीत, मग रुंद पडद्यासाठी, आणि मध्ये तर शूटिंग बंदच पडलं. १९६७ साली विर्शिंग मुंबईतच वारले. उरलेलं चित्रण दुसऱ्या कॅमेरामननी पूर्ण केलं. फेब्रुवारी १९७२ मध्ये 'पाकीज़ा' प्रदर्शित झाला, तेव्हा छायाचित्रणाच्या पाटीवर नाव विर्शिंग यांचंच होतं.