पडद्यावरची पहिली मोहिनी

मागल्या वर्षी स्नेहसंमेलनाच्या एकांकिकेत माझे नाव लागले, तेव्हा मनीषनगरच्या आमच्या घरात दोन दिवस कोणी माझ्याशी धड बोलले नाही. 'नाटकात गेलेली' ही आजीच्या तोंडची शिवीच. त्यात कॉलेजात जाणारी घरातली पहिली मुलगी मी! त्याच सुमारास वाचनालयात कमलाबाई गोखले यांची ओळख झाली.

कमलाबाईंचा जन्म १९०० सालचा. आई दुर्गाबाई कामत पतीपासून वेगळ्या झाल्या आणि लेकीला घेऊन नाटकमंडळीत शिरल्या. कमला अगदी लहान असतानाच रंगमंचावर उभी राहिली. त्या काळी रंगभूमीवर स्त्रिया फारच थोड्या. भाऊराव कोल्हटकर, बालगंधर्व यांनी लुगडे नेसून मराठी माणसाला सौंदर्य म्हणजे काय ते शिकवले होते. पुरुषाने स्त्री व्हावे ही कला, आणि स्त्रीने रंग लावला की बेअब्रू, असा तो विचित्र न्याय!

दादासाहेब फाळक्यांनाही हा न्याय भोवला. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला. त्यातली तारामती अण्णा साळुंके नावाच्या, हॉटेलात काम करणाऱ्या तरुणाने केली. कोणतीही बाई तयार होईना. वेश्यावस्तीत शोध घेतला, तिथेही नकारच मिळाला. मग दुसऱ्या चित्रपटासाठी, 'मोहिनी भस्मासुर'साठी, फाळके या मायलेकींकडे आले. दुर्गाबाई पार्वती झाल्या आणि तेरा वर्षांची कमला मोहिनी. ज्यांची अब्रू समाजाने आधीच मोडीत काढली होती, त्यांनाच तेवढे कॅमेऱ्यासमोर येता आले. याचा मला अभिमान वाटावा की राग यावा, हे अजून ठरत नाही.

मूकपटात आवाजाला काम नव्हते. संगीत नाटकात वाढलेल्या मुलीचा गळाच जणू काढून घेतलेला! ना प्रेक्षक, ना टाळी, ना 'वन्स मोअर'. उरले फक्त नृत्य, डोळे आणि हात. पण मोहिनीची कथाच मुळी हातांची. ती नाचता नाचता भस्मासुराला त्याचाच हात त्याच्या डोक्यावर ठेवायला लावते.

जपानमध्येही हेच चालले होते. फिरत्या काबुकी मंडळ्यांत नाव कमावलेल्या ओनोए मात्सुनोसुके यांना शोझो माकिनो यांनी १९०९ मध्ये पडद्यावर आणले; १९२६ मध्ये ते वारले तेव्हा त्यांच्या चित्रपटांची संख्या हजाराच्या घरात होती. तिथेही स्त्रिया म्हणजे पुरुषच, त्यांना 'ओन्नागाता' म्हणत. गंमत अशी की काबुकीची सुरुवातच १६०३ च्या सुमारास ओकुनी नावाच्या बाईने केली होती, आणि १६२९ मध्ये सरकारने बायकांनाच तिथून हाकलले! जपानी पडद्यावर स्त्रिया स्थिरावल्या त्या १९२० च्या आसपास. आमची कमला त्यांच्या आधीची.

पण मात्सुनोसुकेंसारखी पडद्याची कारकीर्द तिच्या वाट्याला आली नाही. ती परत नाटकात गेली. गायकनट रघुनाथराव गोखले यांच्याशी तिचे लग्न झाले. पंचविशीच्या आसपास वैधव्य आले. पदरात चंद्रकांत, लालजी आणि सूर्यकांत. विधवेने घरात कोपरा धरायचा तो काळ. कमलाबाईंनी मात्र तोंडाला रंग लावला आणि मुले वाढवली. एवढेच नव्हे, त्या पुरुषांच्याही भूमिका करू लागल्या! पुरुषांनी इतकी वर्षे लुगडे नेसले, तर बाईने धोतर का नेसू नये? चंद्रकांत मोठे नट झाले, धाकटे दोघे तबलावादक. विक्रम गोखले हे त्यांचे नातू.

रीना मोहन यांनी १९९२ मध्ये 'कमलाबाई' हा माहितीपट केला, तेव्हा बाई नव्वदीच्या पुढे होत्या.

हे सारे मी आजीला सांगितले. तिने सगळे ऐकून घेतले आणि एकच विचारले, "तीन पोरं एकटीनं वाढवली म्हणते?" मी हो म्हटले. दुसऱ्या दिवशी तालमीला निघाले तेव्हा तिने डबा भरून ठेवला होता.