अल्ला नाझिमोव्हा

रांगणेकरांच्या १९४२ सालच्या ‘कुलवधू’वर इब्सेनच्या नोराची छाया आहे, हे आपल्यातील नाटकवेड्या भगिनींना ठाऊक आहेच. न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर १९०७ साली ही नोरा इंग्रजीत उभी करणारी नटी मात्र वर्षभरापूर्वीपर्यंत इंग्रजी बोलतही नव्हती. तिची हकीकत मला सांगावीशी वाटते.

अल्ला नाझिमोव्हा १८७९ साली क्रिमियातील याल्टा येथे एका ज्यू कुटुंबात जन्मली. बाप मारकुटा, आईबापांचे बिनसलेले. पोर परक्यांच्या घरी वाढली. व्हायोलिन शिकली, पण मन रमले नाटकात. मॉस्कोत स्तानिस्लाव्स्कींच्या रंगमंदिरात तिने उमेदवारी केली. १९०५ साली ऑर्लेनेव्ह या नटाच्या मंडळीबरोबर ती न्यूयॉर्कला आली. त्यांच्या नाटकात ज्यूंच्या छळाची कथा होती, आणि रशियात त्याला बंदी होती! खेळ रशियन भाषेतच होत. पुढे ऑर्लेनेव्ह मायदेशी परतला. ही मागे राहिली.

सत्ताविसाव्या वर्षी काही महिन्यांत इंग्रजी शिकून तिने नोव्हेंबर १९०६ मध्ये ‘हेडा गॅब्लर’ केले. आपल्याला परभाषेत चार वाक्ये बोलताना घाम फुटतो. इथे तर तीन तास रंगमंच पेलायचा होता. १९१० साली तिच्या नावाचे नाट्यगृहही उभे राहिले.

१९१६ पासून ती मूकपटांत आली. मेट्रो कंपनी तिला आठवड्याला १३,००० डॉलर देत असे. हॉलिवुडच्या सनसेट बुलेव्हार्डवर तिने बागेसह प्रशस्त घर घेतले. इतकी मिळकत झाल्यावर दुसरी एखादी स्वस्थ बसली असती. हिने स्वतःचा पैसा घालून नोराचाच चित्रपट काढला आणि पाठोपाठ ‘सालोमे’. १९२३ साली पडद्यावर आलेला ‘सालोमे’ चालला नाही, पैसा बुडाला. नोराच्या चित्रपटाची प्रतही आज कुठे उरलेली नाही. व्यवहारी माणसे याला उधळपट्टी म्हणतील. मला तसे वाटत नाही. स्वतःच्या कष्टाचा पैसा स्वतःच्या आवडीच्या कामात घालणाऱ्या पुरुषाला कुणी उधळ्या म्हणत नाही!

घराचे १९२७ मध्ये हॉटेल झाले. ती पुन्हा रंगभूमीकडे वळली. चेखव्ह, तुर्गेनेव्ह, ओनील यांची नाटके केली आणि १९३५ साली इब्सेनच्या ‘घोस्ट्स’मध्ये आईची भूमिका केली. तो प्रयोग पाहून टेनेसी विल्यम्स या तरुणाला नाटककार व्हावेसे वाटले.

शेवटची वर्षे ती त्याच हॉटेलात भाडेकरू म्हणून राहिली. बोलपटांत लहानसहान कामे करी. १९४४ सालच्या एका चित्रपटात ती जहाजांच्या कारखान्यात वेल्डिंग करणारी, परदेशातून आलेली बाई झाली आहे. त्या भूमिकेत तिला आपले रशियन वळणाचे उच्चार लपवावे लागले नाहीत. पुढच्याच वर्षी, १३ जुलै १९४५ रोजी, लॉस एंजेलिस येथे ती वारली.