खिळे घासणारा मुलगा

आपल्या सुरतेतल्या एका माणसाची छापखाना उभारायची धडपड सतराव्या शतकातली. भीमजी पारेख नावाच्या इथल्या व्यापाऱ्याने ईस्ट इंडिया कंपनीकडे मुद्रक मागितला आणि 1674 साली हेन्री हिल्स इंग्लंडहून आला. पण त्याला आपल्याकडच्या लिपीचे खिळे, म्हणजे टाइप, बनवता येईनात. बेत काही तडीस गेला नाही. बमरोलीत राहून मराठी साहित्य शिकताना मला हे कळलं, आणि तेव्हापासून लेखकांइतकंच खिळे पाडणाऱ्यांबद्दलही कुतूहल वाटू लागलं. त्यांच्यातलं सगळ्यात मोठं नाव जावजी दादाजी चौधरी.

जावजींचा जन्म 1839 साली मुंबईत झाला. घरची गरिबी, शाळा जेमतेम. दहाव्या वर्षीच ते अमेरिकन मिशनच्या छापखान्यात लागले. पगार महिना दोन रुपये, काम खिळे घासायचं. साच्यातून निघालेल्या खिळ्याच्या कडा खडबडीत असतात, त्या घासून सारख्या केल्या नाहीत तर ओळ सरळ बसत नाही. इंग्रजीला अक्षरं थोडी. आपल्याकडे मात्र काना, मात्रा, रफार, जोडाक्षरं! थॉमस ग्रॅहम यांच्या हाताखाली तिथे नागरी टाइप घडत होता. पोरगा घासता घासता ते सगळं शिकला.

पुढे टाइम्स, इंदुप्रकाश अशा ठिकाणी काम करून 1864 मध्ये जावजींनी स्वतःचा टाइपांचा कारखाना काढला. राणोजी रावजी आरू यांच्यासारखा अक्षरं कोरणारा कसबी कारागीर त्यांच्या सोबत होता. 1869 मध्ये 'निर्णयसागर' छापखाना सुरू झाला. वि. कों. ओकांचं 'बालबोध' मासिक इथूनच मुलांच्या हाती गेलं. 1886 पासून पंडित दुर्गाप्रसाद आणि काशिनाथ पांडुरंग परब यांच्या संपादनाखाली 'काव्यमाला' निघू लागली. पोथ्यांमध्ये अडकलेली संस्कृत काव्यं-नाटकं स्वच्छ, शुद्ध आणि परवडेल अशा किमतीत मिळू लागली.

मी ख्रिस्ती आहे, त्यामुळे एका गोष्टीपाशी थबकते. मिशनने ते खिळे पाडले ते ख्रिस्ताचा संदेश पोचवायला. तिथे शिकलेल्या मुलाने त्याच विद्येवर कालिदास, भवभूती छापले. मिशनचे कष्ट वाया गेले असं काहींना वाटेल. मला तसं वाटत नाही. एका गरीब मुलाच्या हातात कला दिली, तिचं त्याने काय करायचं हे त्याचं त्याने ठरवलं. दान असंच असावं ना?

1892 मध्ये, अवघ्या त्रेपन्नाव्या वर्षी जावजी गेले. पुढे मुलगा तुकाराम याने काम चालवलं. ग्रंथालयात 'निर्णयसागर'चं जुनं पुस्तक दिसलं तर जरूर उघडून बघा. अर्थ नाही लागला तरी चालेल, नुसत्या ओळी बघा. किती सरळ बसल्यात!