पासोडीवर मांडलेले विश्व

संगणकाच्या पडद्यावर लाल, हिरवा आणि निळा या तीनच रंगांच्या कमीअधिक मिश्रणातून लक्षावधी छटा उमटतात. मोजक्या मूलघटकांतून अवघे दृश्य जग कसे घडते, हे आकृत्या काढून दाखवण्याचा ध्यास चारशे वर्षांपूर्वी बीड जिल्ह्यातील अंबाजोगाईच्या एका संतकवीने घेतला होता. त्याचा पडदा मात्र जाड्याभरड्या कापडाचा होता. हे कवी म्हणजे दासोपंत (१५५१-१६१५).

नारायणपेठच्या देशपांडे घराण्यात त्यांचा जन्म झाला. वडील दिगंबरपंत, आई पार्वतीबाई. वडिलांकडील सरकारी सारा थकला, तेव्हा बिदरच्या बरीदशाही दरबाराने कोवळ्या वयाच्या दासोपंतांना ओलीस ठेवले. मुदतीत भरणा न झाल्यास धर्मांतर, अशी अट होती. अखेरच्या क्षणी दत्ताजी पाडेवार नामक अनोळखी गृहस्थाने रक्कम भरली आणि तो दिसेनासा झाला, असे परंपरा सांगते. तो साक्षात दत्तच, ही भाविकांची श्रद्धा. चमत्कार बाजूला ठेवला तरी त्या प्रसंगानंतर मुलाचे मन घरात रमले नाही, एवढे खरे. माहूर, मग गोदाकाठचे राक्षसभुवन अशी भ्रमंती आणि साधना करून ते अंबाजोगाईला स्थिरावले.

तेथे त्यांनी अफाट लेखन केले. त्यांचा 'गीतार्णव' हा गीतेवरील टीकाग्रंथ सव्वा लाख ओव्यांचा मानला जातो. त्यांना रोज ढबूभर पैशाची शाई लागे, असे गावात आजही सांगतात.

पण कागद त्यांना अपुरा वाटला असावा. पंचीकरणाचा विषयच तसा आहे. प्रत्येक महाभूताचे दोन भाग करायचे, एक अर्धा तसाच ठेवायचा, दुसऱ्याचे चार तुकडे करून ते इतर चौघांत मिसळायचे. म्हणजे पृथ्वीत निम्मी पृथ्वी आणि आप, तेज, वायू, आकाश यांचा प्रत्येकी एक अष्टमांश! हे गणित नुसते ऐकून ध्यानात राहणे कठीण. दासोपंतांनी ते थंडीत पांघरायच्या लांबलचक पासोडीवर आकृत्या आणि अक्षरे यांची सांगड घालून उतरवले. संस्कृत न जाणणाऱ्यालाही तत्त्वज्ञान डोळ्यांनी पाहता यावे, अशी ही मांडणी. मराठीत या तोडीचे दुसरे जुने उदाहरण सापडणे अवघड.

कापड कुजते, शाई उडते. तरीही वंशजांनी पिढ्यान्‌पिढ्या ही पासोडी देवघरातील ठेव्यासारखी जपली. दासोपंतांची समाधीही अंबाजोगाईतच आहे.