रोमच्या लोकसत्तेचा कैवारी सिसेरो

वक्तृत्वस्पर्धेच्या दिवशी ज्यांचे हातपाय कापतात, अशा आमच्या बालवाचकांस एक गोष्ट सांगितली असता धीर येईल. ज्याच्या वाणीची कीर्ती दोन हजार वर्षे टिकली, तो मार्कस टुलियस सिसेरो अंगाने कृश व प्रकृतीने नाजूक होता, आणि भाषणास उभा राहिला की प्रारंभी तोही थरथरत असे. इसवी सनापूर्वी १०६ या वर्षी रोमच्या आग्नेयेस असलेल्या आर्पिनम या डोंगराळ गावी त्याचा जन्म झाला. घराणे सुखवस्तू होते. परंतु त्यातील कोणीही रोममध्ये मोठे अधिकारपद भूषविले नव्हते. त्याचे कुलनाम हरभऱ्याच्या लॅटिन नावावरून पडलेले. आपल्याकडे मुळे, भोपळे ही आडनावे आहेतच, तेव्हा आम्हांस त्याचे हसू येण्याचे कारण नाही. मित्रांनी नाव बदलण्याचा सल्ला दिला, तो त्याने मानला नाही.

त्या काळी रोममध्ये राजा नव्हता. राजांना हाकलून दिल्यास चारशे वर्षे होऊन गेली होती. एकाच्या हाती सत्ता साठू नये म्हणून रोमन लोकांनी विलक्षण काळजी घेतली होती. कॉन्सल नावाचे दोन प्रमुख अधिकारी दरवर्षी निवडले जात. त्यांची मुदत एकच वर्षाची, आणि एकाने काढलेला हुकूम दुसऱ्यास रोखता येई. घोर संकटात एक सर्वाधिकारी नेमण्याची सोय होती, पण तीही फार तर सहा महिन्यांपुरती. शिवाय लोकांच्या निवाड्यावाचून कोणाही रोमन नागरिकास देहदंड देऊ नये, असा कायदा इसवी सनापूर्वी १२३ मध्ये झाला होता. हा शेवटचा कायदा वाचकांनी ध्यानात ठेवावा. सिसेरोच्या आयुष्याची गाठ त्याच्याशीच पडली आहे.

सिसेरो तरुण असताना सुला या सेनापतीने आपल्याच शहरावर सैन्य नेले आणि मुदतीची अट नसलेले सर्वाधिकारीपद घेतले. वध्य माणसांच्या नावांच्या याद्या चौकात लागू लागल्या. यादीतील माणसास मारणाऱ्यास बक्षीस मिळे आणि मृताची मालमत्ता लिलावात जाई. अशा दिवसांत, इसवी सनापूर्वी ८० मध्ये, पितृहत्येचा खोटा आरोप आलेल्या रोशियस नामक गृहस्थाचे वकीलपत्र सिसेरोने घेतले. त्या कुटिल कारस्थानामागे सुलाच्या मर्जीतील एक मनुष्य होता. वय अवघे सव्वीस. तरीही त्याने त्या माणसाचे नाव भर न्यायालयात घेतले आणि खटला जिंकला.

पुढे दहा वर्षांनी सिसिलीच्या प्रजेने त्याच्याकडे धाव घेतली. व्हेरेस या सुभेदाराने तीन वर्षांत ते बेट धुऊन नेले होते. गेव्हियस नावाच्या एका रोमन नागरिकाने रोमला जाऊन फिर्याद करण्याची भाषा केली, म्हणून त्याला हेर ठरवून चव्हाट्यावर फटके मारण्यात आले. आपण रोमचे नागरिक आहोत, एवढेच तो मार खाताना वारंवार सांगत होता. अखेर समुद्रकाठी, पलीकडे इटलीची भूमी दिसेल अशा जागी, त्यास क्रुसावर चढविले. सिसेरोने पन्नास दिवस सिसिलीभर हिंडून पुरावा गोळा केला आणि लांबलचक भाषण टाळून थेट साक्षीदारच उभे केले. निकालाची वाट न पाहता व्हेरेस देश सोडून गेला. या यशाने सिसेरो रोमचा अग्रगण्य वकील ठरला.

इसवी सनापूर्वी ६३ मध्ये तो कॉन्सल झाला. त्या वर्षी कर्जबाजारी सरदार कॅटिलाइन याने सशस्त्र बंडाचा कट रचला. सिसेरोने तो उघडकीस आणला, आणि नगरातील पाच पुढारी पत्रांच्या पुराव्यानिशी पकडले गेले. त्यांचे काय करावे? राज्याचे रक्षण करण्यासाठी योग्य ते करावे, असा निकडीचा ठराव सिनेटने आधीच केला होता. परंतु त्या ठरावाने वरील कायदा रद्द होतो काय, हे कोणी ठरविले नव्हते. ज्यूलियस सीझरने देहदंडास विरोध केला आणि कैद्यांना निरनिराळ्या गावी जन्मभर बंदीत ठेवण्याची सूचना मांडली. केटोने मात्र तत्काळ मृत्युदंडाचा आग्रह धरला. सिनेटने केटोचे ऐकले, आणि ५ डिसेंबर रोजी त्याच सायंकाळी सिसेरोने पाचही जणांस तुरुंगाच्या तळघरात गळफास देवविला. लोकांनी मशाली पेटवून त्याला घरी पोहोचविले.

येथे आम्हांस थांबणे भाग पडते. संकट खोटे नव्हते, आणि ते पाच जण निर्दोषही नव्हते. तरी गेव्हियसचा कैवार घेणाऱ्या पुरुषाने सातच वर्षांनी पाच नागरिकांना निवाड्यावाचून मारले, हे नाकारता येत नाही. आमच्या मते त्याच्या आयुष्यातील ही सर्वांत मोठी चूक होय. त्याला स्वतःला मात्र तो जन्मभर आपला सर्वांत मोठा पराक्रम वाटत राहिला, आणि त्याची प्रौढी ऐकून मित्रही कंटाळत. इसवी सनापूर्वी ५८ मध्ये त्याचा वैरी क्लोडियस याने नेमका तोच जुना कायदा पुढे केला. सिसेरोला परागंदा व्हावे लागले. त्याचे घर पाडण्यात आले आणि त्या जागी स्वातंत्र्यदेवतेचे मंदिर उभे राहिले! दुसऱ्या वर्षी तो सन्मानाने परतला. परंतु तोवर खरी सत्ता सैन्य बाळगणाऱ्यांच्या हाती गेली होती.

सीझरने इसवी सनापूर्वी ४९ मध्ये रुबिकॉन नदी ओलांडली. सिसेरोचा जीव द्विधा झाला, हे त्याच्या पत्रांत स्पष्ट दिसते. त्याच्या पत्रव्यवहारातील सुमारे नऊशे पत्रे आज उपलब्ध आहेत. अखेर तो पाँपीच्या पक्षास मिळाला, हरला, आणि सीझरने त्याला क्षमा केली. पाच वर्षांनी सीझर तहहयात सर्वाधिकारी झाला व महिन्याभरातच मारला गेला. त्या कटात सिसेरो नव्हता. यानंतर सर्वाधिकारीपद कायमचे रद्द करणारा कायदा कोणी आणावा? मार्क अँटनीने! पद गेले, सत्तेची हाव तशीच राहिली. वृद्ध सिसेरोने अँटनीविरुद्ध चौदा भाषणे रचली आणि सीझरचा एकोणीस वर्षांचा वारस ऑक्टेव्हियन याला हाताशी धरले. मुलाला आपण वापरून घेऊ, असा त्याचा हिशेब होता.

हिशेब चुकला. इसवी सनापूर्वी ४३ मध्ये अँटनी, लेपिडस व ऑक्टेव्हियन एकत्र आले, आणि पाच वर्षांची अमर्याद सत्ता त्यांनी कायद्यानेच स्वतःस देवविली. पुन्हा याद्या लागल्या. सिसेरोचे नाव वगळावे म्हणून ऑक्टेव्हियन दोन दिवस अडून बसला, तिसऱ्या दिवशी त्याने मान तुकविली, असे म्हणतात. ७ डिसेंबर रोजी फॉर्मियाजवळ मारेकऱ्यांनी सिसेरोची पालखी गाठली. त्याने स्वतःच मान पुढे केली. त्याचे मस्तक व हात रोममध्ये, जेथून तो लोकांपुढे बोलत असे त्याच व्यासपीठावर, टांगण्यात आले.

तेरा वर्षांनी अँटनीचा नाश झाला, तेव्हा सिसेरोचा मुलगा कॉन्सल होता. इसवी सनापूर्वी २७ मध्ये ऑक्टेव्हियन ऑगस्टस झाला. सिनेट भरत राहिली, दरवर्षी दोन कॉन्सल होत राहिले, फक्त त्यांच्या हाती काही उरले नाही. या ऑगस्टसची एक हकीकत प्लुटार्कने नोंदविली आहे. एकदा त्याचा नातू सिसेरोचा ग्रंथ वाचीत बसला होता. आजोबांना पाहताच त्याने तो घाबरून वस्त्राखाली दडविला. ऑगस्टसने तो मागून घेतला, उभ्या उभ्याच बराच वेळ वाचला, आणि हा पुरुष विद्वान व देशावर प्रेम करणारा होता एवढे सांगून मुलाला परत दिला.