भिसे, साखर आणि शिशाचे खिळे

आधीच सांगून टाकते, मी कॉन्व्हेंटची. शाळेत मराठीचा पेपर म्हणजे पोटात गोळा यायचा. त्यामुळे ऱ्हस्व-दीर्घ चुकलं तर सांभाळून घ्या. (सरांनी तपासून दिलंय, म्हणजे निम्मी जबाबदारी त्यांची!)

खरं तर मला गोष्ट लिहायची होती. एक काल्पनिक अकादमी, जिथे वजन नसलेला धातू, स्वतःच सांधली जाणारी काच असल्या अचाट पदार्थांचा अभ्यास चालतो. दोन पानं झाली, मेसमध्ये रूममेटला वाचून दाखवली. ती म्हणाली, छान आहे, पण हॅरी पॉटरच वाटतंय. झालं! वही मिटली. आणि मग प्रोजेक्टसाठी वजनाच्या यंत्रांची माहिती शोधताना मला एक माणूस भेटला, ज्याने मुंबईत सव्वाशे वर्षांपूर्वी जवळजवळ अशीच मंडळी जमवली होती. शंकर आबाजी भिसे.

जन्म २९ एप्रिल १८६७, मुंबई. इंजिनिअरिंगचं रीतसर शिक्षण नाही. चौदाव्या वर्षी घरच्या घरी दगडी कोळशापासून गॅस काढायचं उपकरण तयार केलं. (आमच्या हॉस्टेलवर कुणी असं केलं तर रेक्टर मॅडम काय करतील, याचा विचारच नको.) विशी-पंचविशीत त्यांनी सायंटिफिक क्लब चालवला आणि 'विविध कला प्रकाश' नावाचं विज्ञानाचं मासिक मराठीतून काढलं. मराठीतून! मी इथे 'विद्युतचुंबकीय' लिहिताना तीनदा खोडलं.

क्लबच्या त्या दिवसांत भिसेंच्या डोक्यात काय काय होतं बघा. कुणी उघडली तर लगेच कळेल अशी बाटली, विजेवरची सायकल, लोकलमध्ये पुढचं स्टेशन दाखवणारं यंत्र. आणि दृष्टिभ्रमाचे खेळ. एक भरीव वस्तू प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत दुसरीच होऊन जायची. त्या काळी रंगभूमीवर असे चमत्कार तिरपी काच आणि कमी-जास्त होणारा उजेड वापरून करत. लाकडाचं दगड होत नाही, फक्त दिसतं. भिसेंचे हे खेळ मँचेस्टरमध्येही वाखाणले गेले. माझ्या गोष्टीतली अकादमी ती हीच की!

पण मला ते आपले वाटले ते साखरेमुळे. १८९० च्या दशकाच्या अखेरीस लंडनच्या एका संशोधन-मासिकाने स्पर्धा लावली. साखर, पीठ असा सुटा किराणा आपोआप वजन करून देणारं यंत्र हवं होतं. ब्रिटिश स्पर्धकांना मागे टाकून भिसेंचं डिझाइन पहिलं आलं.

आता आमच्या ग्रुपचं प्रोजेक्ट काय आहे? गूळ पावडर आपोआप वजन करून पिशवीत भरणारं यंत्र. माळेगावात राहायचं म्हणजे सीझनला नाकात मळीचा वास आणि रस्त्यावर उसाच्या ट्रॉल्या, दुसरा विषय सुचणार तरी कसा! सोपं वाटलं होतं. लोड सेल लावायचा, एक किलो झालं की गेट बंद. पण गेट बंद होतं तेव्हा काही पावडर हवेतच असते, ती नंतर पिशवीत पडते. वजन दरवेळी जास्त. शिवाय गूळ ओलावा धरतो, पावसाळी हवेत गोळे होतात, मग कधी जास्त तर कधी कमी. उपाय पुस्तकात आहे, आधी भराभर सोडायचं आणि शेवटचं थोडं बारीक धारेने. त्यासाठी दुसरं गेट, दुसरी मोटर, म्हणजे आणखी पैसे. भिसेंकडे लोड सेल नव्हता, मायक्रोकंट्रोलर नव्हता.

त्या बळावर ते लंडनला गेले. तिथे दादाभाई नौरोजींनी त्यांना हात दिला, स्वतःचे पैसेही घातले. आणि भिसेंनी आयुष्यातलं सगळ्यात मोठं काम हातात घेतलं, छपाईचे खिळे ओतायचं यंत्र.

इथे थोडं मटेरियल सायन्स, कंटाळू नका. खिळे शिशाचे असत, पण नुसत्या शिशाचे नाहीत. शिसं मऊ, शिवाय थंड होताना आकसतं, म्हणजे अक्षराची कड बोथट. म्हणून त्यात अँटिमनी, त्याने कडकपणा येतो आणि आकसणं कमी होतं, आणि थोडं कथील, म्हणजे रस साच्याच्या कानाकोपऱ्यात नीट शिरतो. तीन साधे धातू आणि त्यातून जगातली सगळी पुस्तकं! वेग वाढवायचा तर साचा तापतो, आणि आतलं अक्षर घट्ट व्हायच्या आत बाहेर काढलं तर वाकडं होतं. लायनोटाइप अख्खी ओळ ओतायचं, मोनोटाइप सुटी अक्षरं. भिसेंना सुटी अक्षरं हवी होती, पण कितीतरी जास्त वेगाने. लंडनमधल्या जाणकारांनी हे शक्य नाही म्हटलं. भिसेंनी यंत्र करून दाखवलं, मिनिटाला सुमारे १२०० अक्षरं अशी त्याची ख्याती झाली. नाव भिसोटाइप.

आणि पैसे संपले. हिंडमन नावाच्या समाजवादी पुढाऱ्याने भांडवल उभं करतो म्हटलं होतं, ते काही आलं नाही. १९०८ च्या अखेरीस भिसे परत निघाले. मग गोपाळ कृष्ण गोखल्यांनी शब्द टाकला, सर रतन टाटा पुढे आले आणि १९१० मध्ये लंडनला टाटा-भिसे इन्व्हेन्शन्स सिंडिकेट निघाली. महायुद्धाच्या काळात तीही गुंडाळली गेली. यंत्र चालत होतं, हे लक्षात घ्या. मला इथे वाचताना खरंच राग आला.

१९१६ मध्ये ते अमेरिकेला गेले. धुण्याच्या एका रसायनाचे हक्क एका इंग्लिश कंपनीला विकले. ॲटोमिडीन हे आयोडिनचं औषध मात्र चाललं, त्याने पैसा आला. न्यूयॉर्कमध्ये खिळ्यांच्या यंत्राची नवी आवृत्ती आणि तिच्यासाठी कंपनीही काढली. सगळंच ग्रेट होतं असं नाही हं. परलोकाशी बोलायचा टाइपरायटरही त्यांच्या नावावर आहे, तो मी त्यांना माफ करते. तिकडचे लोक त्यांना भारतीय एडिसन म्हणायचे, आणि १९३० मध्ये खऱ्या एडिसनची भेटही झाली. सुमारे २०० शोध, ४० पेटंट. ७ एप्रिल १९३५ ला न्यूयॉर्कमध्येच ते गेले.

हे सगळं मी ग्रुपला सांगितलं ते एका कारणाने. एक व्यापारी आमच्या दुसऱ्या गेटचा खर्च द्यायला तयार आहे, पण यंत्र आणि ड्रॉइंग दोन्ही त्याच्या नावावर. दोघं म्हणतात घेऊन टाकू, मार्क तर मिळतील. मी म्हटलं, भिसेंनीही हक्क विकले, पण खिळ्यांचं यंत्र नाही सोडलं. त्यावर एकजण म्हणाला, म्हणूनच तर तीन वेळा बुडाले ना! यावर मला उत्तर सुचलं नाही. रात्री दीडपर्यंत आम्ही भांडलो, रेक्टर मॅडम दोनदा ओरडून गेल्या.

कागद अजून माझ्या ड्रॉवरमध्ये आहे, सही न केलेला. काल भंगारातून वायपरची एक मोटर दीडशे रुपयांत मिळाली. दुसरं गेट तिच्यावर हलतंय, थोडं अडखळत. शेवटच्या दहा पिशव्यांत सात बरोबर एक किलो भरल्या.