मोसिनची स्वस्त रायफल

अमेरिकेत जुन्या लष्करी बंदुकांचा एक वेगळाच शौक आहे. चकचकीत नवी रायफल सोडून लोक खरचटलेली, वापरून झालेली रशियन रायफल घेतात. मी मेकॅनिकलवाला, त्यामुळे मला उत्सुकता ती बनवणाऱ्याची. त्याचं नाव सर्गेई मोसिन.

१८४९ मध्ये रशियातल्या रामोन गावी तो जन्मला. घरची परिस्थिती बेताचीच. तोफखान्याच्या अकादमीतून १८७५ मध्ये बाहेर पडून तो तुला शहरातल्या शस्त्रांच्या कारखान्यात आला. सैन्याला तेव्हा एकेका गोळीची बंदूक बदलून मॅगझिनवाली रायफल हवी होती. अडचण अशी, की रशियन काडतुसाच्या बुडाला बाहेर आलेली कड असते. दोन कडा एकमेकींत अडकल्या की रायफल जाम! म्हणून मॅगझिनमध्ये एक छोटा पोलादी भाग आहे. तो एका वेळी एकच काडतूस वर सोडतो. (आपल्या ड्रॉइंगच्या शीटवर असा भाग कोणाच्या लक्षातही येणार नाही.)

स्पर्धेत बेल्जियमचा लिऑन नागां होता. १८९१ मध्ये मोसिनचं डिझाइन मंजूर झालं, पण क्लिपने गोळ्या भरायची पद्धत नागांची घेतली. नागांने हक्क सांगितला आणि २,००,००० रूबल मिळवले. मोसिन नोकरीतला अधिकारी, त्याला पेटंट घेताच येईना. वर सरकारने रायफलच्या नावात मोसिनचं नावच घातलं नाही. नाव ठेवलं ‘तीन लाइनची रायफल, मॉडेल १८९१’. लाइन म्हणजे इंचाचा दहावा भाग, म्हणून ७.६२ मिमी. मला हे अजिबात पटत नाही.

१८९४ मध्ये तो सेस्त्रोरेत्स्कच्या कारखान्याचा प्रमुख झाला आणि १९०२ मध्ये न्यूमोनियाने गेला, वय फक्त ५२. पुढे दोन्ही महायुद्धांत त्याच्या रायफली इतक्या बनल्या की एकूण आकडा तीन कोटींच्या वर गेला. सोव्हिएत संघ फुटल्यावर गोदामांतले साठे बाहेर आले आणि अमेरिकेत एकेक रायफल शंभर डॉलरच्याही आत मिळू लागली. (आता भाव बरेच चढलेत. आपल्याकडे कायदा कडक, आपण नुसतं वाचायचं.) चिकट ग्रीसने माखलेली रायफल घरी आणायची, गरम पाण्याने धुवायची, मग नळीवरचे शिक्के वाचत बसायचं. बोल्ट कडक, दस्ता घासलेला, पण तुलाचा तारा दिसतो, इझेव्स्कचा त्रिकोण दिसतो, साल दिसतं. काहींवर चौकोनात ‘एसए’ असतं, म्हणजे ती फिनलंडच्या सैन्याकडेही राहून आली. नव्या रायफलवर हे कुठून मिळणार?

शौकीन मंडळी तिला लाडाने नुसतं ‘मोसिन’ म्हणतात.